तीन वर्षं मुदतीचा प्रेमकाढा : ट्रिस्टन आणि इझोल्ड

निंबोणी

ट्रिस्टन-इझोल्ड म्हटलं की बहुतेकांना एवढंच आठवतं: बोटीवर चुकून प्रेमकाढा प्यायले आणि जन्माचे एकमेकांत अडकले. यातलं 'जन्माचे' सगळ्यांना मान्य नाही. बाराव्या शतकातला एक कवी म्हणतो काढ्याची मुदत तीन वर्षं. दुसरा म्हणतो चार. तिसरा म्हणतो मरेपर्यंत. एकोणिसाव्या शतकात एका इटालियन ऑपेरात त्या काढ्याची बोर्दोची साधी दारू झाली, आणि त्यानंतर तेहतीस वर्षांनी एका जर्मनानं तो प्यायला नसता तरी चाललं असतं अशी गोष्ट रचली. पात्रं तीच, घटना बऱ्याचशा त्याच. काढा बदलला की दोष कुणाचा ते बदलतं. मला या धाग्यात तेवढंच धरून बोलायचं आहे.

ज्यांनी वाचलेलं नाही त्यांच्यासाठी भरभर सांगते. कॉर्नवॉलचा राजा मार्क, ट्रिस्टन त्याच्या बहिणीचा मुलगा. आयर्लंडचा आडदांड सरदार मोरहोल्ट खंडणीत पोरं मागायला येतो, ट्रिस्टन त्याला मारतो आणि तलवारीचा एक कपचा मोरहोल्टच्या कवटीत अडकून राहतो. ट्रिस्टनलाही विषारी जखम झालेली. ते विष उतरवू शकणारी बाई म्हणजे मोरहोल्टची सख्खी बहीण, आयर्लंडची राणी. मग हा नाव उलटं करून 'तांत्रिस' बनतो आणि शत्रूच्याच घरी बरा होऊन येतो. पुढे मामासाठी मुलगी मागायला पुन्हा तिथेच, आणि मुलगी म्हणजे त्या राणीची लेक इझोल्ड. तो न्हाणीत असताना तिला त्याच्या तलवारीची खाच दिसते. तिच्या मामाच्या, म्हणजे मोरहोल्टच्या, कवटीतून काढून जपलेला कपचा तिथे चपखल बसतो. ती तलवार उगारते, पण मारत नाही. निघताना आई लेकीसाठी काढा करून दासी ब्रँगेनकडे देते: लग्नाच्या रात्री हिला आणि मार्कला पाज. समुद्रावर उकाडा, तहान, आणि पेला भलत्याच दोघांच्या हातात. पुढचं सगळं (मार्कशी लग्न, चोरून भेटी, चुगलखोर सरदार, रानवास, ताटातूट, मरण) त्या एका घोटाचं.

आता बेरूल. नॉर्मन फ्रेंचमधला बाराव्या शतकाच्या उत्तरार्धातला कवी. त्याच्या काव्याची एकच हस्तलिखित प्रत उरली आहे, पॅरिसला राष्ट्रीय ग्रंथालयात. सुमारे साडेचार हजार ओळी, सुरुवात गायब, शेवट गायब. खिडकीतून डोकावणाऱ्या एका सरदाराच्या डोक्यात ट्रिस्टनचा बाण घुसतो आणि तिथेच प्रत संपते. माझा हा सर्वांत आवडता, कारण त्याला अजिबात लाज नाही. फ्रोसँ नावाचा बुटका दोघांच्या बिछान्यांमध्ये पीठ पसरून ठेवतो, पावलं उमटावीत म्हणून. ट्रिस्टन पिठावरून उडी मारतो, पण पायाची जखम फुटते नि रक्त सांडतं. इझोल्डला जाळायची शिक्षा होते. तेवढ्यात कुष्ठरोग्यांचा म्होरक्या पुढे येऊन म्हणतो, जाळता कशाला, आम्हाला द्या, ते मरणापेक्षा वाईट होईल. आणि मार्क देतो! ट्रिस्टन कड्यावरच्या देवळाच्या खिडकीतून उडी टाकून निसटतो, तिला सोडवतो, दोघं मोरवाच्या रानात.

रानात राहतात कसे? उपाशी. भाकर नाही, शिकार खायची, कपडे फाटलेले, रोज रात्री नवी जागा. एकदा मार्क त्यांना झोपलेलं गाठतो. दोघांच्या अंगावर कपडे, मध्ये नागडी तलवार. त्याला वाटतं, म्हणजे काही नाहीच. तो तिच्या बोटातली अंगठी काढून आपली घालतो, आणि बेरूल सांगतो की अंगठी सहज निघाली, बोट इतकं वाळलं होतं. ही एक ओळ मला पुढच्या कित्येक हजार ओळींपेक्षा जड वाटते.

आणि मग मुदत संपते. सेंट जॉनच्या सणाच्या दुसऱ्या दिवशी काढा घेतलेला, तीन वर्षं पुरी झाली. ट्रिस्टन एका हरणामागे धावत असतो, त्या क्षणी थांबतो, आणि पहिला विचार काय? मी राजवाड्यात असायला हवा होतो, माझ्या हाताखाली सरदारांची पोरं शस्त्रं शिकली असती, आणि मी राणीला रेशमी पडद्यांच्या महालातून काढून झोपडीत आणलं. तिकडे इझोल्डही तेच म्हणते: तारुण्य फुकट गेलं. दोघं ओग्रँ नावाच्या संन्याशाकडे जातात. हा साधू त्यांना मार्कसाठी पत्र लिहून देतो, आणि वर सांगतो की लाज झाकायची तर थोडं गोड खोटं बोलावं लागतं. ती राजवाड्यात परत जाते.

इथे बेरूलनं गाठ मारून ठेवली आहे. मुदत संपली ना? मग नंतर हे दोघं पुन्हा भेटतात कशाला? चिखलाच्या उतारावर ट्रिस्टन कुष्ठरोगी बनून बसतो, इझोल्ड त्याच्या पाठीवर बसून पलीकडे जाते आणि भर सभेत शपथ घेते: माझ्या मांड्यांमध्ये दोघंच आले, नवरा आणि आत्ता मला उचलून आणणारा तो रोगी. अक्षरशः खरी शपथ. ती घेताना तिच्या पोटात काढ्याचा थेंब नाही.

थॉमस, १२व्या शतकातलाच, अँग्लो-नॉर्मन दरबाराच्या वळणाचा. त्यानं मुदत काढून टाकली. आता काढा जन्मभराचा, त्यामुळे पश्चात्ताप नाही, फक्त कुढणं. त्याचे तुकडेच उरलेत, पण १२२६मध्ये नॉर्वेच्या हाकोन राजासाठी ब्रदर रॉबर्टनं त्याची गद्य सागा केली, म्हणून गोष्ट कळते. थॉमसवरूनच साधारण १२१०च्या सुमारास श्ट्रासबुर्गच्या गॉटफ्रीडनं जर्मनमध्ये लिहिली, साडेएकोणीस हजार ओळी, आणि अर्धवट टाकली. गॉटफ्रीडकडे रान नाही, प्रेमगुहा आहे. स्फटिकाचा पलंग, आणि खायला काही लागत नाही, एकमेकांकडे पाहिलं की पोट भरतं. लोक विचारतील जगले कसे, हेही तोच म्हणतो. बेरूलची वाळलेली बोटं वाचून झाल्यावर हा स्फटिकाचा पलंग मला जरा बोचतो.

ऑपेराकडे यायचं तर आधी दोनित्सेत्ती. १८३२, मिलान, 'लेलिझिर दामोरे'. गावातली जमीनदार मुलगी आदिना पुस्तकातून राणी इझोल्डची गोष्ट मोठ्यानं वाचून हसते. तिच्यावर मरणारा भोळा नेमोरिनो फिरत्या वैदूकडे तोच काढा मागतो. वैदू बोर्दोची बाटली देतो. आणि काम होतं! वाग्नरच्या आधी तेहतीस वर्षं या काढ्याची अशी चेष्टा रंगमंचावर होऊन गेली होती, हे वाग्नरवर बोलताना कुणी सांगत नाही.

वाग्नर : 'ट्रिस्टन उंड इझोल्ड', १८५७ ते ५९मध्ये लिहिला, १० जून १८६५ला म्युनिकला पहिला प्रयोग. इथे इझोल्डला काढा प्यायचाच नाही, तिला विष हवंय, त्यालाही मारायचं आणि स्वतः मरायचं. ब्रँगेन धजावत नाही आणि पेला बदलते. दोघं मरण समजून पितात. आता मरायचंच आहे तर लपवायचं काय, म्हणून तोंडून खरं बाहेर पडतं. पुढे टोमास मान यानं म्हटलं की त्या पेल्यात साधं पाणी असतं तरी तेच झालं असतं. मला ते पटतं, पण अर्धंच. कारण तिसऱ्या अंकात ब्रँगेन मार्कला काढ्याचं सांगते आणि मार्क त्यासाठीच माफ करायला, दोघांचं लग्न लावून द्यायला धावत येतो. म्हणजे प्रेमिकांसाठी काढा पोकळ, पण मामाला माफ करायला तो लागतोच. वाग्नरलाही तो पेला टाकून देता आला नाही.

तुम्हाला काय वाटतं? काढ्यामुळे हे दोघं सुटतात का?

वांगीभात

पहिला! वाचून मग सविस्तर लिहितो. पिठाची आयडिया भारी आहे, आमच्याकडे मुंग्यांसाठी वापरतात.

खडूस काका

लेख चांगला. माझा प्रश्न आईपासून सुरू होतो. लेकीला कधी न पाहिलेल्या, वयानं मोठ्या माणसाकडे परमुलखात पाठवायचं आहे, तहाचं लग्न आहे. निदान तिला त्याची ओढ वाटावी म्हणून आईनं काढा केला. म्हणजे काढा मुळात व्यवस्थेच्या बाजूचा, लग्न टिकावं म्हणून. चुकीच्या माणसाला पाजला म्हणून तो बंडखोर ठरला. बाकी मार्कबद्दल तुम्ही कुणी बोलणार नाही, ते मला ठाऊक होतं. त्या बिचाऱ्याला घोड्याचे कान होते हे तरी सांगा.

निंबोणी

काका, हो, राहिलंच. बेरूलमध्येच आहे. मार्कला घोड्याचे कान असतात, हे गुपित फक्त फ्रोसँला माहीत. सरदार त्याला विचारतात, तो म्हणतो मी तुम्हाला सांगणार नाही, पण त्या काटेरी झुडपाला सांगतो, तुम्ही आडोशाला ऐका. आपल्याकडच्या न्हाव्याच्या गोष्टीची मावसबहीणच. ब्रेतन आणि वेल्श भाषांत 'मार्ख' म्हणजे घोडा, तिथून आलं असावं असं अभ्यासक म्हणतात.

आईबद्दलचा मुद्दा मात्र फार पटला, मी तसा विचार केला नव्हता.

उंबरठा

काढ्यानं कोण सुटतं यापेक्षा मला हा हिशेब कुणी फेडला ते बघावंसं वाटतं. ब्रँगेन. लग्नाच्या रात्री इझोल्ड कुमारी नाही हे कळू नये म्हणून अंधारात मार्कच्या बिछान्यात कुणाला पाठवलं? ब्रँगेनला. आणि नंतर तिनं तोंड उघडू नये म्हणून इझोल्ड दोन नोकरांना सांगते, हिला रानात नेऊन मारा. ब्रँगेन त्यांना एवढंच सांगते की आम्ही घरून निघालो तेव्हा दोघींकडे एकेक पांढरा सदरा होता, बाईंचा वाटेत मळला, म्हणून त्या रात्रीपुरता मी माझा दिला, बाकी माझा काही गुन्हा नाही. नोकरांना दया येते. इझोल्ड रडते, मिठी मारते, आणि कथा पुढे सरकते जसं काही घडलंच नाही.

दुसरी म्हणजे गोऱ्या हातांची इझोल्ड, जिचं नाव लेखात आलंच नाही. ट्रिस्टन ब्रिटनीत निघून गेल्यावर नावासाठी, केवळ नावासाठी, तिच्याशी लग्न करतो. पहिल्या रात्री कपडे काढताना पहिल्या इझोल्डची अंगठी बोटातून गळते आणि याला आठवण येते. मग जुन्या जखमेचा बहाणा. ती वर्षानुवर्षं कुमारी राहते. एकदा घोडा पाण्यात पाय टाकतो आणि पाणी तिच्या मांडीपर्यंत उडतं. ती हसते आणि भावाला सांगते, हे पाणी ट्रिस्टनपेक्षा धीट निघालं. शेवटी ट्रिस्टन पुन्हा विषारी जखमेनं अंथरुणाला खिळतो, मेहुण्याला पाठवतो राणी इझोल्डला आणायला. खूण ठरते: ती आली तर पांढरं शीड, नसेल तर काळं. बायको भिंतीआडून सगळं ऐकते. जहाज दिसतं, तो विचारतो, ती म्हणते काळं. तो मरतो. राणी किनाऱ्याला उतरते तेव्हा घंटा वाजत असतात.

थॉमस तिथे बायकांच्या रागाला भ्यावं असं काहीतरी म्हणतो. मला राग थॉमसचा आला. तिच्याजागी मीही काळंच म्हटलं असतं.

पानगळ

+१ उंबरठा. काळं-पांढरं शीड मूळ ग्रीक, थिसियस आणि त्याच्या बापाच्या गोष्टीतलं.

पण मला इराणकडे वळायचं आहे. गुरगानीचं 'वीस ओ रामीन' हे फारसी काव्य १०५०च्या आसपासचं, म्हणजे बेरूलच्या शंभर वर्षं आधी. म्हातारा राजा मोबद, तरुण राणी वीस, राजाचा धाकटा भाऊ रामीन. दाई मध्यस्थ. एका रात्री वीसच्या जागी दाईच मोबदच्या बिछान्यात झोपते. अग्निदिव्याचा प्रसंग आहे. रामीन मध्येच कंटाळून दूर जाऊन गुल नावाच्या दुसरीशी लग्न करतो आणि परत येतो. एवढं जुळणं योगायोग असेल का?

काढ्याच्या जागी तिथे काय आहे ते बघा: दाई मोबदला काही काळ नपुंसक करण्यासाठी एक तावीज करून नदीकाठी पुरते. नंतर उकरून काढायचा बेत असतो. पण पूर येतो, तावीज वाहून जातो आणि मोबद कायमचा गेला कामातून. म्हणजे काढा प्रेमिकांना नाही, नवऱ्याला!

आणि शेवट सुखाचा. मोबदला रानडुक्कर मारतं, रामीन राजा होतो, दोघं अनेक वर्षं संसार करतात, मुलं होतात.

खडूस काका

पानगळ, फारसी मूळ हा तर्क जुना आहे, सिद्ध झालेला नाही. आयर्लंडमध्ये दियारमुइद आणि ग्राऊन्या आहेतच: म्हाताऱ्या फिनशी ठरलेली मुलगी त्याच्या तरुण योद्ध्याला शपथ घालून पळवते, रानोमाळ फिरतात. ट्रिस्टन हे नावही उत्तरेकडचं, स्कॉटलंडच्या जुन्या पिक्ट राजांमध्ये द्रुस्त, द्रोस्तान अशी नावं सापडतात. वेल्श त्रिकांत (तिघातिघांच्या जुन्या याद्यांत) द्रिस्तान मार्खची डुकरं राखतो. घरचं असताना इस्फाहानला कशाला जायचं.

पानगळ

काका, डुकरं राखणं आणि बिछान्यात दाई पाठवणं यात फरक आहे. पण मी हट्ट धरत नाही. मला इतकंच दिसतं की जिथे नवरा मेला तिथे प्रेमकथा सुखान्त झाली. युरोपच्या कवींना मार्कला मारणं सहज शक्य होतं, कुणी मारलं नाही. उलट तेराव्या शतकातल्या फ्रेंच गद्य ट्रिस्टनमध्ये वीणेसारखं हार्प वाजवत बसलेल्या ट्रिस्टनला मार्कच विषारी भाल्यानं मारतो. इंग्रज कवी टेनिसननं तेच उचललं, १८७१मध्ये. मागून वार.

रिकामा तंबोरा

मी हिंदुस्तानी गाणारा माणूस, ऑपेरा उशिरा आणि या एकाच्या वाटेनं आलो, म्हणून संगीताचं लिहितो.

सुरुवातीच्या पूर्वरंगात दुसऱ्याच मापात (बारमध्ये) चार स्वरांचा एक संघात येतो, एफ, बी, डी-शार्प, जी-शार्प. संगीताच्या पुस्तकांत त्याला सरळ 'ट्रिस्टन कॉर्ड' म्हणतात, यावर शंभरएक वर्षं भांडणं चालू आहेत. कानाला काय होतं? तो कुठेतरी उतरायला मागतो. उतरतो तर ज्यावर उतरतो तोही संघात अस्थिर. मग शांतता. मग पुन्हा वरच्या पट्टीत तेच. मारवा गाताना जसं रिषभ-धैवतावर घोटाळत राहायचं आणि षड्ज दाखवायचा नाही, ऐकणाऱ्याचा जीव त्या षड्जासाठी टांगून ठेवायचा, तसं; फक्त इथे जवळजवळ चार तास.

दुसऱ्या अंकातलं युगुलगीत चढत चढत आता पोहोचणार, अशा टोकाला येतं आणि त्याच क्षणी ब्रँगेनची किंकाळी, ट्रिस्टनचा सेवक कुर्वेनाल धावत आत, मागून मार्क. ऑर्केस्ट्रा करकचून मोडतो. तेच संगीत शेवटी इझोल्ड ट्रिस्टनच्या प्रेताशेजारी उभी राहून पुन्हा गाते आणि या वेळी पुरं होतं, बी मेजरवर. जो संघात सुरुवातीला सुटला नव्हता तो तिथे सुटतो. लोक त्याला 'लीबेस्टोड' (प्रेममरण) म्हणतात. वाग्नर स्वतः ते नाव पूर्वरंगाला द्यायचा, शेवटाला 'फेरक्लेरुंग' (दिव्य रूपांतर) म्हणायचा. पियानोवर संगीतकार लिस्टनं उतरवलं १८६७मध्ये, तिथून शेवटाला ते नाव चिकटलं.

म्हणून निंबोणीताई, माझ्या मते वाग्नरचा काढा पेल्यात नाहीच, तो त्या दुसऱ्या मापात आहे. आणि तो आपण पितो.

वांगीभात

तंबोराशेठ, दंडवत. आता ऐकायलाच हवं. पण चार तास? मध्यंतरात वडापाव मिळतो का?

इसारकाठ

म्युनिकला वडापाव नाही, ब्रेत्सेल मिळतो. दोन मध्यंतरं असतात, त्यामुळे संध्याकाळ धरून पाच तासांच्या वर जातं.

इथल्या ज्या नॅशनल थिएटरात पहिला प्रयोग झाला ते युद्धात बॉम्बनी गेलं, १९४३मध्ये. जुन्या रूपात बांधून १९६३ला उघडलं. मी उभ्याच्या तिकिटावर ट्रिस्टन पाहिलाय तिथे. तिसऱ्या अंकात ट्रिस्टन एकटाच तासभर तळमळतो, तेव्हा पायांपेक्षा गाणाऱ्याची काळजी जास्त वाटते. मेंढपाळाचा पावा म्हणून इंग्लिश हॉर्न एकटं वाजतं, साथीला काही नाही. ते सुरू झालं की आजूबाजूचं खोकणं थांबतं.

पहिल्या प्रयोगाची कथा ऑपेराइतकीच नाट्यमय. व्हिएन्नात आधी सत्तरच्या वर तालमी होऊन 'गाता येत नाही' म्हणून सोडून दिलं होतं. बव्हेरियाचा अठरा वर्षांचा राजा लुडविग दुसरा गादीवर आला म्हणून वाग्नर वाचला. १८६५ची मूळ तारीख १५ मे. इझोल्डचा, म्हणजे गायिका मालविनाचा, आवाज बसला, शिवाय वाग्नरच्या दारात देणेकऱ्यांतर्फे जप्तीवाले. १० जूनला झालं. ट्रिस्टन होता मालविनाचा नवरा लुडविग श्नोर. चार प्रयोग केले आणि २१ जुलैला गेला, वय २९.

आता गंमत. प्रयोग चालवणारा हान्स फॉन ब्युलो. त्याची बायको कोसिमा, लिस्टची मुलगी. १० एप्रिलला, ऑर्केस्ट्राच्या पहिल्या तालमीच्या दिवशी तिला मुलगी झाली, नाव ठेवलं इझोल्ड. बाप वाग्नर. मार्क राजा त्या संध्याकाळी खाली खड्ड्यात छडी घेऊन उभा होता म्हणा.

या थिएटराशी आणखी एक गोष्ट जोडलेली आहे. फेलिक्स मॉटल १९११मध्ये म्युनिकलाच ट्रिस्टन चालवताना कोसळला आणि काही दिवसांनी गेला. योझेफ काइलबर्ट १९६८मध्ये, तोही म्युनिकला, तोही दुसऱ्या अंकात.

खोडरबर

मी विरोधी सूर लावतो. १९३९मध्ये देनी द रूजमों या स्विस लेखकानं यावर अख्खं पुस्तक लिहिलं. त्याचं म्हणणं असं की ट्रिस्टन आणि इझोल्डचं एकमेकांवर प्रेम नाहीच, त्यांचं प्रेम आहे प्रेमात असण्यावर. अडथळा नसेल तर ते स्वतः उभा करतात. रानात कुणी आडवं नसताना मध्ये तलवार ठेवली ती कशाला? मुदत संपली, राजवाड्यात परत गेली, पुन्हा चोरून भेटी, कारण आता पुन्हा अडथळा आहे. काढा म्हणजे 'मी काही केलं नाही' म्हणायची सोय. आणि ज्याला सतत अडथळा लागतो त्याला शेवटचा अडथळा मृत्यूच. वाग्नरनं फक्त ते उघड केलं.

हे मान्य केलं तर निंबोणींचा प्रश्नच उरत नाही. सुटायचंच नाही त्यांना.

निंबोणी

खोडरबर, रूजमोंचं गणित फार नेटकं आहे, म्हणूनच मला शंका येते. बेरूलमधली तलवार त्यांनी अडथळा म्हणून ठेवलेली दिसत नाही. ट्रिस्टन शिकारीहून दमून येतो, उन्हाचं तसाच आडवा होतो, तलवार उपसून मध्ये ठेवतो. इझोल्डच्या अंगावर त्या दिवशी सदरा होता, नसता तर फार वाईट झालं असतं, असं बेरूलच म्हणतो. तो त्याला नशीब समजतो. गॉटफ्रीडकडे मात्र हे ठरवून केलेलं आहे: दोघांना शिकाऱ्यांची शिंगं ऐकू आलेली असतात, म्हणून पाहणाऱ्याला फसवायला तलवार. म्हणजे एकाकडे थकवा, दुसऱ्याकडे धूर्तपणा. रूजमों म्हणतो तो अडथळ्याचा मोह मला दोघांकडेही सापडत नाही.

उंबरठा

रूजमोंनं उपाशी पोटी प्रेम केलेलं दिसत नाही. रानात तिची बोटं वाळली होती हो. तीन वर्षांनी तिला छप्पर हवंसं वाटलं तर तो 'अडथळ्याचा मोह' कसा?

खोडरबर

हा हा. पण मग परत जाऊन पुन्हा भेटते ते? पोट भरल्यावर?

उंबरठा

पोट भरल्यावरच माणसाला सुचतं. आधी जेवण, मग तो.

खडूस काका

उंबरठा, हे काढ्याशिवायचं पहिलं सरळ उत्तर. बेरूलची इझोल्ड हेच करते खरं. तीन वर्षं काढ्यानं ओढून नेलं, नंतर स्वतःच्या पायांनी गेली. म्हणूनच ती शपथही स्वतःच्या डोक्यानं बेतते, कुष्ठरोगी बनून कुठे बसायचं हा निरोप तिचाच असतो ट्रिस्टनला.

निंबोणी

काका, हेच मला म्हणायचं होतं आणि एवढ्या लांब लेखात नीट आलं नाही. काढा जन्मभराचा केला की इझोल्डकडून ही निवड हिरावली जाते. थॉमसनं ती काढून घेतली, गॉटफ्रीडनं नटवून काढून घेतली. गॉटफ्रीडच्या अग्निदिव्यात ती तापलेलं लोखंड हातात घेते आणि भाजत नाही, तेव्हा तो ख्रिस्ताला वाऱ्यावर उडणाऱ्या बाहीसारखा म्हणतो, हवा तिकडे वळणारा. कवी धीट, पण बाई देवाच्या मेहेरबानीवर सुटते. बेरूलकडे ती स्वतःच सुटते.

वांगीभात

सिरियस प्रश्न. शेवटी दोघांच्या थडग्यावर झाडं उगवतात ते कोणाकडे आहे? वाग्नरमध्ये नाही ना?

पानगळ

वाग्नरमध्ये नाही. नॉर्वेच्या सागेत गोऱ्या हातांची इझोल्ड त्यांना चर्चच्या दोन बाजूंना पुरायला लावते, मेल्यावरही जवळ नकोत म्हणून. तरी दोन्हीकडून दोन झाडं वाढतात आणि छपरावर फांद्या गुंततात. आइलहार्टच्या जर्मन काव्यात (चार वर्षं मुदतवाला तोच) गुलाब आणि द्राक्षवेल. तिथे मार्कला काढ्याचं दोघं मेल्यावर कळतं आणि तो हळहळतो, आधी सांगितलं असतं तर, म्हणून. वाग्नरचा धावत येणारा मार्क तिथला नातेवाईक दिसतो.

उंबरठा

पुन्हा तिलाच खलनायिका. वाग्नरनं तर तिला नावासकट पुसलं. कुणी तिच्या बाजूनं लिहिलं आहे का?

रिकामा तंबोरा

उंबरठाताई, आहे. स्विस संगीतकार फ्रँक मार्टिनचं 'ल व्हँ एर्बे', १९३८ ते ४१मध्ये लिहिलेलं. फ्रेंच अभ्यासक बेदिएनं १९००मध्ये जुन्या तुकड्यांतून जोडून फ्रेंच गद्यात जी सलग कादंबरी केली तिच्यावरून. बारा गाणारे, सात तंतुवाद्यं, एक पियानो, संपलं. वाग्नरच्या ऑर्केस्ट्रानंतर एखाद्या कोठडीत गेल्यासारखं वाटतं, पण मला ते आवडतं. शीडाचा प्रसंग त्यात आहे, तीही आहे, आणि ती ओरडत नाही.

पानगळ

कवितेत मॅथ्यू अर्नल्ड, १८५२. तिसरा भाग पूर्ण तिचाच. ट्रिस्टन जाऊन वर्ष झालंय, पदरात दोन मुलं (अर्नल्डनं लग्न खरं करून टाकलं), ती त्यांना हिवाळ्यात फिरायला नेते आणि जादूगार मर्लिन आणि व्हिव्हियनची गोष्ट सांगते. काळं शीड तिथे नाहीच.

वांगीभात

मी आधी वाग्नर ऐकणार. कुठलं रेकॉर्डिंग घेऊ? आणि एकदम चार तास नाही, हां.

इसारकाठ

पहिल्यांदा पूर्वरंग आणि शेवट, सलग, वीस मिनिटांत होतं. मैफलीतही असंच वाजवतात. आवडलं तर फुर्टव्हेंगलरनं चालवलेलं १९५२चं, इझोल्ड कर्स्टन फ्लागस्टाट. दुसऱ्या अंकातले दोन वरचे 'सी' तिच्यासाठी एलिझाबेथ श्वार्त्सकोफनं गायले, ऐकताना सापडतं का बघा, मला सापडत नाही. ज्यांना आग हवी त्यांनी कार्ल ब्योमचं १९६६चं बायरॉइटचं घ्यावं, बिर्गिट निल्सन. याच बाईंच्या वाट्याला २८ डिसेंबर १९५९ला न्यू यॉर्कच्या मेट ऑपेरात तीन ट्रिस्टन आले होते. तिघंही आजारी, पण प्रत्येकजण एकेक अंक गाण्यापुरता बरा होता, म्हणून अंकागणिक नवा.

खडूस काका

एका इझोल्डला तीन ट्रिस्टन, आणि काढा एकच. ब्रँगेनचा हिशेब त्या रात्री चुकला असणार.

खोडरबर

माझं रूजमोंचं पुस्तक काकांना देतो, समासात भांडण लिहून परत करा. निंबोणी, पुढचा धागा दान्तेच्या नरकातल्या पाओलो-फ्रान्चेस्का या प्रेमिकांवर घ्या. दान्तेनं ट्रिस्टनलाही त्याच वादळात टाकलंय, पॅरिसच्या शेजारी, एका ओळीत उरकून. आणि त्या दोघांना काढा लागला नाही, लान्सलॉटचं पुस्तक पुरलं.

निंबोणी

घेते. त्यावर त्चायकोव्हस्की, राखमानिनोव्ह आणि झान्दोनाई अशी तीन तीन माणसं बसली आहेत, तंबोरा आणि इसारकाठ यांनी संगीताची बाजू धरायची असेल तरच.